दुखणं आपलं, चेहरा लोकांचा

जर्मनीत रविवारी दुपारी दारावरची बेल वाजली की समजावं, आपलं काहीतरी चुकलंय. न कळवता इथे कोणी कोणाकडे जात नाही, आणि रविवारी तर नाहीच. त्या रविवारी आमच्या लेकीने, इराने, मराठी मंडळाच्या गणपतीतल्या कार्यक्रमासाठी लेझीम बाहेर काढली होती आणि बाहेरच्या खोलीत, थेट लाकडी जमिनीवर, तिचा सराव चालला होता. "हळू गं, हळू" म्हणून माझं दोनदा झालं होतं. बेल वाजली तशी मंदारने, म्हणजे माझ्या नवऱ्याने, लेझीम सोफ्याखाली सरकवली आणि मला दाराकडे पिटाळलं. एरवी माझ्या जर्मनला तो हसतो, पण तक्रार ऐकायची वेळ आली की माझं जर्मन त्याला फार चांगलं वाटतं.

दारात खालच्या मजल्यावरच्या फ्राऊ लिंडनर उभ्या होत्या. आम्ही गेर्लिंगेनला राहायला येऊन थोडेच महिने झाले होते आणि त्यांची-माझी ओळख जिन्यातल्या 'गुटेन टाग'पुरतीच होती. वय ऐंशीच्या घरात, केस वर बांधलेले, ओठांना लाल लिपस्टिक आणि पाठ अशी ताठ की समोरच्याने उगीच आपले खांदे सरळ करावेत. मी पाठ केलेली माफी म्हणायला सुरुवात केली. त्यांनी ती हातानेच थांबवली आणि विचारलं, नाचतंय कोण? इरा माझ्या मागून डोकावली. तिला त्या म्हणाल्या, "तुझा डावा पाय उशिरा पडतो. एकदा पडला असता तर मी काही बोलले नसते. पण दर वेळी पडतो. मला छतातून ऐकू येतं."

मग आमच्या पॅसेजमध्येच उभ्या राहून त्यांनी टाळ्यांचा ठेका धरला आणि पोरीकडून सगळा नाच पुन्हा करून घेतला. मंदारने निमूट सोफ्याखालून लेझीम काढून दिली. जाताना मला म्हणाल्या, मुलगी बरी आहे, पण जमिनीकडे बघते. जमीन कुठे पळून जात नाही.

तेव्हापासून मी त्यांना मनात लिंडनरबाई म्हणायला लागले. पुढे त्यांनी इथल्या रीतीप्रमाणे वाइनचा ग्लास हातात देऊन मला 'तू' म्हणायची परवानगी दिली. जर्मनमध्ये मी त्यांना तू म्हणायचेही, पण आईच्या वयाच्या बाईला एकेरी हाक मारताना जीभ अडखळायची, म्हणून मनातल्या मनात तरी त्या लिंडनरबाईच राहिल्या. इथेही तशाच लिहिते.

बाई टीव्हीवर नाचायच्या. म्हणजे एकट्या नव्हेत, टीव्हीच्या नृत्यपथकात. तो काळ आपल्याला नीट कळायचा नाही. देशात चॅनेलं दोन-तीनच, आणि शनिवारी संध्याकाळी सगळा देश आंघोळ करून, सँडविचचं ताट पुढ्यात घेऊन एकच कार्यक्रम बघायला बसायचा. गाणी, जादूचे प्रयोग, नकला, पाहुण्यांच्या गप्पा, आणि मध्ये मध्ये उंच जिन्यावरून पिसांचे पंखे घेऊन उतरणाऱ्या मुलींची रांग. गायक बदलायचे, पाहुणे बदलायचे, रांग तीच. आठवडाभर गावाबाहेरच्या एका गारठलेल्या हॉलमध्ये तालीम आणि शनिवारी थेट प्रक्षेपण. चुकलं तर सगळ्या देशासमोर चुकलं. सगळ्या मुली एका उंचीच्या. ज्यांची उंची थोडी कमी, त्यांच्या बुटांना जास्त टाच. सगळ्यांना एकच टोप, एकाच रंगाचे ओठ. बाई म्हणायच्या, आमच्यात जी उठून दिसली ती चुकली.

त्यांच्या आईची गोष्ट त्या हसत सांगायच्या. आई श्वार्झवाल्डमधल्या लहानशा गावात राहायची. लेक टीव्हीवर नाचते म्हणून तिने दूध विकून साठवलेल्या पैशांत टीव्ही घेतला. गावात आधी फक्त पाद्र्याकडे होता. शनिवारी शेजारीपाजारी जमायचे आणि आई पडद्यावर बोट ठेवून सांगायची, ही माझी इंगे. पण एका टोपातल्या एवढ्या मुलींतून लेक कशी ओळखणार? आईने आपली एक मुलगी पसंत केली आणि वर्षानुवर्षं तिलाच डोळे भरून पाहिलं. ती इंगे नव्हती, डाव्या टोकाची मोनिका होती. एकदा बाई घरी गेल्या तेव्हा आई म्हणाली, गेल्या शनिवारी तू दमलेली वाटलीस, खातेस ना नीट? बाई त्या आठवड्यात मजेत होत्या. आजारी मोनिका होती.

"मग सांगितलं नाही तुम्ही?" मी विचारलं.

"कशाला?" बाई म्हणाल्या. "मोनिकाला आई नव्हती. कोणीतरी तिची काळजी करत होतं, ते बरंच होतं की."

त्यांची दुसरी गोष्ट पायाच्या बोटाची. एका शनिवारी जिना उतरताना त्यांचं बोट मोडलं. गाणं नुकतंच सुरू झालं होतं. त्यांनी पूर्ण नाच केला, पिसांचा पंखा सांभाळला, शेवटी पाय उचलून सलामही केला आणि पडद्यामागे गेल्यावर बुटातलं रक्त बघून शुद्ध हरपली. दुसऱ्या दिवशी नृत्यदिग्दर्शक दवाखान्यात भेटायला आला. फुलं वगैरे काही नाही. म्हणाला, कॅमेऱ्यात काही दिसलं नाही, शाबास. त्या माणसाचं एक वाक्य होतं, ते बाईंच्या तोंडात कायम असायचं: दुखणं आपलं, चेहरा लोकांचा. कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला की आपल्याला दुखत नाही. मला हे ऐकून त्या मेलेल्या माणसाचा राग यायचा. बाईंना तो देवमाणूस वाटायचा.

पुढे चॅनेलं वाढली, शनिवारचा तो कार्यक्रम बंद पडला, पथक मोडलं. बाईंनी स्टुडिओत प्रकाशयोजना बघणाऱ्या इथल्याच एका तंत्रज्ञाशी लग्न केलं, संध्याकाळच्या वर्गांत गृहिणींना व्यायाम शिकवला, मूलबाळ झालं नाही, नवरा गेला. कॅमेऱ्यावरचा तो लाल दिवा मात्र त्यांच्यापुरता कधी विझलाच नाही. आमच्या या स्वाबियन भागात केरवोखेचा जाच आहे. ज्याची पाळी असेल त्याच्या दारावर पाटी लटकते आणि त्या आठवड्यात सगळा जिना त्याने झाडायचा-पुसायचा. मी माझी पाळी विटका टी-शर्ट घालून, कोणी बघत नाहीसं बघून उरकते. बाई लिपस्टिक लावून, कानात मोती घालून जिना पुसायच्या. मी चिडवलं की म्हणायच्या, जिना आहे, कोणीही येऊ शकतं.

एका वर्षी आम्ही त्यांना मंडळाच्या कार्यक्रमात बायकांचा नाच बसवायला नेलं. मी मनात म्हटलं, मजा येईल. मजा कसली, महायुद्ध झालं. बाईंनी आल्या आल्या सगळ्यांना उंचीप्रमाणे उभं केलं. अध्यक्षांची बायको मागच्या रांगेच्या टोकाला गेली आणि जिला आम्ही कोणी ओळखतही नव्हतो ती लुडविग्सहाफेनहून आलेली विद्यार्थिनी मधोमध आली. बरं, आमच्या प्रत्येकीचा नवरा समोर मोबाइल धरून बसलेला, त्यामुळे जी ती आपापल्या नवऱ्याकडे तोंड करून नाचायची. बाईंनी तासभर ते बघितलं. शेवटी मला म्हणाल्या, यांना सांग, तुम्ही नाचत नाही, फोटो काढून घेताय. मी त्याचं भाषांतर करताना निम्मं गिळलं. तरी कार्यक्रमाच्या दिवशी आमची रांग पहिल्यांदाच सरळ दिसली आणि अध्यक्षांच्या बायकोने बाईंना नऊवारी नेसवून फोटो काढला. त्यात बाई सगळ्यांत उठून दिसतात. तो फोटो त्यांना आवडला नाही.

एवढं सगळं मी हसत लिहितेय, पण गेल्या वर्षी हसण्यासारखं फारसं उरलं नव्हतं. एकदा मी ऑफिसमधून लवकर आले, तर जिन्याच्या वळणावर बाई पायरीवर बसलेल्या. शेजारी दुधाची पिशवी, डोळे मिटलेले, एक हात कमरेवर. माझ्या बुटांचा आवाज ऐकला मात्र, कठड्याला धरून उभ्या राहिल्या, खिशातून रुमाल काढला आणि कठडा पुसायला लागल्या. त्या आठवड्यात पाळी त्यांची नव्हती. मी पिशवी तेवढी उचलली.

हळूहळू कळत गेलं. कंबर गेली होती, उजवा खांदा वर जात नव्हता, पायमोजे चढवायला अर्धी सकाळ लागायची. आंघोळीच्या टबात उतरायची भीती वाटायची, म्हणून त्या बेसिनपाशीच अंग पुसून घ्यायच्या. लिफ्ट नाही. जवळचं म्हणावं असं माणूस एकच, हॅम्बुर्गची भाची कातरीना. ती फोन करायची, पण फोनवर बाई अशा खणखणीत बोलायच्या की तिला वाटायचं, मावशी शंभरी गाठणार. ती म्हणायची, नाहीच जमलं तर वृद्धाश्रम आहेत, चांगले असतात. बाईंचं एकच म्हणणं होतं. मला माझ्या घरातून हलवू नका.

याला इथे उपाय आहे. त्याला फ्लेगेग्राड म्हणतात. अर्ज केला की एक तपासनीस घरी येतो, माणसाला काय जमतं आणि काय जमत नाही ते बघतो आणि त्याप्रमाणे मदतीची पायरी ठरवतो. पायरी मिळाली की विम्याच्या खर्चाने रोज सकाळी घरी बाई येते, आंघोळ घालते, कपडे चढवते. तेवढं झालं असतं तर लिंडनरबाई आपल्या घरात सुखाने राहिल्या असत्या. अर्ज करायला मी त्यांच्या महिनाभर मागे लागले, आणि मग तपासनीस यायच्या आधी त्यांना बसवून समजावलं, की ही परीक्षा उलटी असते. इथे नापास व्हायचं असतं. जे दुखतं ते दुखतं म्हणायचं. हात वर जात नसेल तर वर न्यायचा नाही.

आम्ही चक्क तालीम केली. इरा तपासनीस झाली. तिने माझा लॅपटॉप मांडीवर घेतला आणि गंभीर आवाजात जर्मनमध्ये विचारलं, आपण खुर्चीतून उठून दाखवाल का? बाईंनी मला विचारलं, हात कितव्या ठोक्याला टेकू? मी म्हटलं, ठोका नाही, जमेल तसं उठा. त्या उठल्या. उठताना अशा काही थरथरल्या, मान अशी काही टाकली की रंगमंचावर राणी मरते तसं वाटलं. इरा हसून लोळली. मी वैतागले. म्हटलं, अहो, नाटक नको, खरं आहे तेवढंच दाखवा ना.

बाई खाली बसल्या. पदर असता तर त्यांनी नीट केला असता, तसा स्कर्ट नीट केला आणि म्हणाल्या, "खरं दाखवायचं कसं, ते मला कोणी शिकवलंच नाही."

तपासनीस आला त्या दिवशी मी रजा काढून त्यांच्या सोफ्यावर बसले होते. तरुण, सभ्य मुलगा. दारात त्याने बूट काढले, तेव्हाच मला बरं वाटलं. पण मग बाई आतून आल्या. केस वर बांधलेले, लिपस्टिक, मोती. रात्रभर जागून तयारी केल्यासारख्या त्या उजळल्या होत्या. मी डोळ्यांनी खुणावलं. त्यांनी माझ्याकडे बघितलंच नाही. त्या मुलाकडे बघत होत्या.

त्याने विचारलं, हात वर जातो का? बाईंनी उजवा हात थेट डोक्याच्या वर नेला आणि बोटं अशी उघडली की मला क्षणभर तिथे पिसं दिसली. त्यांच्या कपाळावर घाम आला होता. तो त्यांनी दुसरा हात वर नेता नेता टिपला. खुर्चीतून उठता येतं का? उठल्या, न टेकता. चालून दाखवाल? खिडकीपर्यंत गेल्या, वळल्या, परत आल्या. आंघोळ एकट्या करता? "हो, गेनाऊ, अगदी," बाई म्हणाल्या. मी मध्ये बोलले, की नाही, त्या टबात उतरू शकत नाहीत. त्याने माझ्याकडे नम्रपणे बघितलं आणि विचारलं, आपण नातेवाईक आहात का? मी म्हटलं, नाही, वर राहते. त्याने मान हलवली आणि पुन्हा बाईंकडे वळला. त्याचंही काय चुकलं? जे डोळ्यांना दिसलं ते त्याने लिहून घेतलं.

शेवटी त्याने सहज विचारलं, पूर्वी आपण काय करायचात? झालं. बाईंनी सांगितलं, आणि सांगता सांगता टेबलाची कड धरून पाय उचलून दाखवला. फार वर नाही, पण उचलला. मुलगा मनापासून म्हणाला, माझ्या आजीला हे सांगायला हवं, ती तुम्हाला दर शनिवारी बघायची. बाईंचा चेहरा काय फुलला होता. तो गेल्यावर दार लावलं आणि त्या तिथेच पॅसेजमध्ये भिंतीला टेकून खाली घसरल्या. मी वरून इराला बोलावलं आणि दोघींनी मिळून त्यांना पलंगावर नेलं. त्या दिवशी आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी त्या उठल्या नाहीत. मला इतका राग आला होता आणि इतकं रडू येत होतं की यातलं आधी काय करावं ते कळेना. सूप तेवढं गरम करून दिलं.

निकाल आला, पायरी मिळाली नाही. घरी मदत लागण्याइतकी स्थिती नाही. बाई तो कागद घेऊन वर आल्या, एकेक पायरी चढत, आणि मला म्हणाल्या, बघ, पास झाले. मी त्यांना सांगितलं की हरकत घेता येते, मुदत आहे, डॉक्टरांचं पत्र जोडू, तुम्ही फक्त सही करा. त्यांनी पेन हातात घेतलं नाही. म्हणाल्या, त्याने माझं कौतुक केलं आणि मी त्याची तक्रार करू? कातरीनाला फोन केला तर ती मलाच समजवायला लागली, की तज्ज्ञ माणूस म्हणतोय मावशी ठीक आहे, मग आपण कशाला आजारी ठरवायचं. मी कोण? वर राहते. मला सही करता येत नव्हती, त्यांना हुकूम करता येत नव्हता. दूध-ब्रेड आणून द्यायचं, आठवड्यातून एकदा टबापाशी हात धरून उभं राहायचं, एवढंच जमायचं, तेही त्यांनी बोलावलं तर.

नाताळात आम्ही पुण्याला गेलो होतो तेव्हा त्या पडल्या. त्या आठवड्यात केरवोखेची पाटी त्यांच्या दारावर होती. जिना पुसलेला नाही म्हणून तळमजल्यावरचे गृहस्थ तक्रार करायला वर गेले, बेल वाजवली, आणि आतून त्यांना क्षीण आवाज आला. तोपर्यंत बाई एक अख्खी रात्र न्हाणीघरात पडून होत्या. मांडीचं हाड मोडलं होतं. त्या गृहस्थांनी मला नंतर सांगितलं की रुग्णवाहिकेची माणसं आत आली तेव्हा बाईंनी त्यांच्याकडे केस बांधायला कंगवा मागितला.

ऑपरेशन झालं, मग आश्रमात हलवलं. कातरीना हॅम्बुर्गहून येऊन सगळं पटापट उरकून गेली. वाईट नाही हो ती, तिलाही दोन दिवसांचीच रजा होती. आश्रमातच पुन्हा तपासणी ठरली आणि तिने मला फोन करून विनंती केली, की त्या वेळी तुम्ही मावशीजवळ बसाल का? त्या दिवशी सकाळी मी घरातून निघाले तेव्हा दोन माणसं बाईंचा सोफा जिन्यावरून खाली नेत होती. घराचा भाडेकरार कातरीनाने मोडला होता. मावशीला सांगायचं ती हळूहळू बघणार होती.

या वेळी तपासनीस बाई होत्या, घाईत असलेल्या. लिंडनरबाई खिडकीजवळच्या खुर्चीत होत्या. केस मोकळे, ओठ पांढरे. ओळखू येऊ नयेत इतक्या त्या खुर्चीत आक्रसल्या होत्या. तपासनीस बाईंनी विचारलं, हात वर जातो? लिंडनरबाईंनी उजवा हात छातीपर्यंत नेला आणि थांबल्या.

"दुखतं," त्या म्हणाल्या.

उठता येतं का? नाही येत. कपडे? कोणीतरी लागतं. आंघोळ? नाही जमत. त्या एकेका प्रश्नाला हळू, स्पष्ट उत्तर देत होत्या आणि प्रत्येक उत्तरानंतर माझ्याकडे बघत होत्या. ठोका नव्हता, थरथर नव्हती. मी ज्यासाठी वर्षभर त्यांच्या मागे लागले होते ते सगळं त्या बोलत होत्या, आणि मला ते ऐकवेना. तपासनीस बाईंनी लॅपटॉप मिटला आणि माझ्याकडे बघून मान डोलावली. म्हणजे आता पायरी मिळणार होती, चांगली वरची.

त्या गेल्यावर लिंडनरबाईंनी माझं मनगट धरलं.

"या वेळी नीट केलं ना मी? तू शिकवलंस तसं?"

"अगदी नीट," मी म्हटलं.

"आल्झो, चला तर," त्या म्हणाल्या, "मग आता घरी. सकाळी बाई येईल आंघोळीला, बाकीचं मी बघते. माझा कोट तेवढा काढून ठेव."

मी कपाट उघडलं आणि कोट काढला. तो त्यांनी मांडीवर घेतला. कॉलर झटकली आणि सुटत आलेलं एक बटण चाचपून बघत, घरी गेल्यावर टाका घालायला हवा, असं काहीतरी पुटपुटल्या. मी हो म्हटलं. दारातून वळून बघितलं तेव्हा त्या डाव्या हाताने उजवा हात उचलून कोटाच्या बाहीत घालत होत्या.